यंदाचं साल आमचं

राज्यात शेतं किती, कुठल्या प्रकारची आणि ती कोण कसतो, याची मोजदाद सरकार दर पाच वर्षांनी करतं, हे मला पंचावन्नाव्या वर्षी कळलं. तेही काकीच्या ओटीवर, तिच्या हातचा चहा पिताना. मी अलिबागला कोर्टात कारकून. भात झोडून झालं की दोन पोती तांदूळ न्यायला श्रीवर्धनजवळच्या आमच्या गावी येतो आणि ऑफिसात ऐटीत सांगतो, 'शेतीवर जाऊन आलो.' माझी शेती ती एवढीच.

मोजदाद करणारी मुलगी बोर्ली पंचतनहून स्कूटीवर आली होती. सकाळपासून फिरून वैतागलेली. "त्या रस्त्याकडेच्या बंगल्यात स्विमिंग पूल आहे आणि कुंपणाला पाच हापूसची कलमं. तीही फळबाग म्हणून लिहून आले," ती म्हणाली. आम्ही पोट धरून हसलो. मग तिने मोबाइलवर आमचं खाडीकाठचं शेत काढलं. एकरालाही कमी. "अत्यल्प भूधारक," ती पुटपुटली. "एकट्याचं की सामाईक? कसतं कोण?"

आजोबांनी हे शेत तिघा मुलांत कधी वाटलंच नाही. त्यांनी सालं वाटली; ज्याचं साल, त्या वर्षी शेत त्याचं. एक साल माझ्या वडिलांचं, पुढचं धाकट्या काकांचं, त्यापुढचं मधल्या काकांचं. वडील गेले आणि त्यांचं साल माझ्याकडे आलं. मधले काका गेले, त्यांचं साल या काकीकडे, म्हणजे त्यांच्या बायकोकडे आलं. पण साल कुणाचंही असो, चिखलात उतरते ती काकीच. भरतीने बांध खचला तर पाटीने माती टाकते तीही काकीच. धाकटे काका मुंबईला, मी अलिबागला. आम्हाला तांदूळ आयता.

"यंदा साल ह्याचं हाय," काकीने माझ्याकडे बोट दाखवलं. परक्यासमोर ज्याचं साल त्याचंच नाव घ्यायचं, अशी आमच्याकडे रीत आहे. मी जरा सावरून बसलो. खोटं कशाला सांगू, बरं वाटलं.

"बियाणं कुठलं?"

मी काकीकडे बघितलं. तिने सांगितलं. पेरणी कधी केली, खत कोणतं घातलं, कापणीला किती बाया होत्या, सगळी उत्तरं तिनेच दिली. मी प्रत्येक वेळी मान तेवढी हलवली. मुलगी गालात हसली आणि काकीकडे वळली. "आणि आजी, तुमची शेती?"

"माजी कसली? मी ह्यांच्याकडं कामाला जाते."

मला जोराचा ठसका लागला. चहा शर्टावर सांडला. ती थट्टा करत असेल म्हणून मी तिच्या तोंडाकडे पाहिलं, तर ती शांतपणे सुपारी कातरत होती. माझं डोकंच फिरलं. "काकी, काय बोलतेस तू हे? ताई, माझं नाव खोडा आधी. हिचं लिहा!"

"आरडाओरडा नको, काका," मुलगी म्हणाली. "साल कुणाचं, ते मला नको. काय पेरायचं, कधी पेरायचं, हे कोण ठरवतं? त्याचं नाव लागतं."

"मग हीच ठरवते!" मी खटला जिंकल्याच्या थाटात म्हणालो.

"न्हाय रे," काकी म्हणाली. "मी तुला फोन करून इचारते, न्हाय का?"

फोन करायची खरी. आमचं साल असलं की मृगाच्या सुमाराला तिचा फोन यायचा. "पेरू काय रे?" मी एका हाताने फाइल चाळत म्हणायचो, "पेर की." मला वाटायचं, म्हातारी बोलायला निमित्त शोधते.

"आणि मी नको म्हणालो असतो तर?"

"तर न्हाय पेरलं असतं. साल तुजं." मग ती मुलीला समजावून सांगू लागली, तक्रारीचा सूरही न लावता. "मागं ह्याच्या सालाला ह्यानं फोनच उचलला न्हाय. मी बी भिजत घातलेलं, मोड आलेले. आमच्या खारीत, खाऱ्या जमिनीत, मोड आलेलं बीच फेकून पेरतात, बाय. आठ दिस थांबले. मोड लांबून नुस्ता गुंता झाला, कोंबड्यांना घातलं. मग दुसरं बी आणून उशिरानं पेरलं."

मी शर्टावरचा चहाचा डाग चोळत राहिलो.

"मग काकांचंच नाव लावते," मुलगी म्हणाली.

"लाव, बाय."

ते साल मला चांगलं आठवत होतं. दोनाऐवजी एकच पोतं माझ्या वाट्याला आलं होतं आणि मी याच ओटीवर उभा राहून, शेजारीपाजारी ऐकतील अशा आवाजात तिला म्हणालो होतो, "काकी, तुला आता शेती झेपत नाही." ती पोत्याचं तोंड शिवत होती. वर न बघता म्हणाली, "चुकलं माजं."