‘बघून घ्या’चे दोन अर्थ

बाईंना सगळे बाईच म्हणत. बावीस वर्षं प्राथमिक शाळेत शिकवलेल्या माणसाला दुसरं काय म्हणणार? लढाईत शाळा बंद पडली, तेव्हा म्हाताऱ्या आईला घेऊन त्या सीमेपलीकडच्या या शहरात आल्या. इथली भाषा त्यांनी पुस्तकातून शिकलेली होती, ती बोलता बोलता पक्की झाली. मग आपल्या लोकांबरोबर दवाखान्यात जा, शाळेत जा, घरमालकाशी दोन शब्द बोल, असं करता करता त्या सगळ्या वस्तीच्या दुभाषी होऊन बसल्या.

पुढे लढाईतल्या गुन्ह्यांचा निवाडा करायला याच शहरात आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरण उभं राहिलं. तीन देशांचे तीन न्यायाधीश, चौथ्याच देशातले आरोपी, आणि कोणालाच कोणाची भाषा येत नाही. दुभाष्यांची परीक्षा झाली. बाई पहिल्यांदा नापास झाल्या, दुसऱ्यांदा पास. नेमणुकीच्या फॉर्मवर एक रकाना होता: आरोपी किंवा साक्षीदारांशी काही संबंध? बाईंनी स्वच्छ अक्षरात लिहिलं, ‘धाकटा भाऊ एका आरोपी अधिकाऱ्याच्या तुकडीत स्वयंपाकी होता.’ फॉर्म फायलीत गेला. कोणी काही विचारलं नाही.

काम काचेच्या खोलीतलं. दोन खुर्च्या, दोन माइक, अर्धा-अर्धा तास पाळी. बाईंचे कामातले जोडीदार पूर्वी रेडिओवर बातम्या द्यायचे, म्हणून त्यांना सगळे निवेदक म्हणत. साक्षीदार ‘मी’ म्हणाला की दुभाष्यानंही ‘मी’च म्हणायचं, हा पहिला नियम. पाळी संपली की निवेदक हेडफोन काढून म्हणायचे, “सकाळपासून मी दोन घरं जाळली, एकदा रडलो आणि तीनदा हरकत घेतली. चला, चहा घेऊ.”

त्या अधिकाऱ्याचा खटला उभा राहिला त्या सकाळी बाईंच्या भावाचा फोन आला. तो अजून तिकडेच, गावी राहायचा.

“ताई, आज आमच्या साहेबांची केस ना? तू असशील आत?”

“कामाचं मी घरी बोलत नाही, माहितीये तुला.”

“मी कुठे काय मागतोय? माणूस वाईट नव्हता, एवढं ध्यानात ठेव.”

बाईंनी फोन ठेवला आणि वेळेवर खोलीत जाऊन बसल्या.

साक्षीला एक ट्रक ड्रायव्हर होता. तो पडद्याआड बसलेला. बाहेरच्यांना त्याचा आवाज बदलून ऐकू येई, काचेच्या खोलीत मात्र खरा आवाज येई, घोगरा, थांबत थांबत येणारा. सरकारी पक्षाच्या वकीलबाईंनी विचारलं, सिमेंटच्या गोदामात एकोणीस माणसं पकडून बसवली होती, तिथे अधिकारी आले तेव्हा काय झालं?

“साहेब गाडीतून उतरलेच नाहीत,” ड्रायव्हर म्हणाला. “काच खाली केली आणि आमच्या तुकडीच्या नाईकाला म्हणाले, ह्यांचं बघून घ्या. मी संध्याकाळी येतो.”

बाईंकडे दोन सेकंद होते. त्यांच्या तोंडून जे गेलं त्याचा अर्थ होता, ‘या लोकांची काळजी घ्या.’ पुढचं वाक्य कानावर आदळलंच होतं, त्या पुढे गेल्या.

थोड्या वेळानं पाळी बदलली. निवेदक बोलू लागले, आणि बाई नुसत्या ऐकत बसल्या. बचावाचे वकील उठले. उंच, शांत माणूस, आवाज कधी चढवायचा नाही.

“अधिकाऱ्यानं त्या माणसांची काळजी घ्यायला सांगितलं, असं तुम्ही आज सकाळी शपथेवर सांगितलंत. बरोबर?”

निवेदकांनी प्रश्न ड्रायव्हरला त्याच्या भाषेत सांगितला. ड्रायव्हर गोंधळला.

“काळजी? काळजी कोण म्हणालं?”

“तुम्हीच. नोंदीचं पान सत्तावीस, ओळ नऊ.”

“मी असं बोललोच नाही.”

“म्हणजे सकाळचं खोटं, की आत्ताचं?”

बाईंना चूक कळली. घरी पाहुणे आले की माणूस बायकोला म्हणतो, जरा ह्यांचं बघून घे. आणि रस्त्यात भांडण झालं की तोच माणूस म्हणतो, बघून घेईन तुला. ड्रायव्हरनं जे ऐकलं तेच सांगितलं होतं. ओळ नऊ त्याची नव्हतीच, ती बाईंची होती. आणि आता भर कोर्टात तो खोटारडा ठरत होता.

न्यायाधीशांनी पंधरा मिनिटांची सुट्टी दिली. निवेदकांनी कपाळावरचा घाम पुसला. काय झालंय हे त्यांना सांगावं लागलं नाही.

“लेखी दुरुस्ती द्या,” ते हळू म्हणाले. “भाषा विभाग आठ-दहा दिवसांत बघेल. रीत तीच आहे.”

“ड्रायव्हर आज संध्याकाळी परत जातोय. एकदा खोटा ठरला की दहा दिवसांनी कागद सुधारून त्याला काय मिळणार?”

“आणि भर कोर्टात बोललात तर? ते वकील तुमची फाईल मागवतील. भावाचं निघेल. म्हणतील, बाईंनी मुद्दाम गोड अर्थ दिला.”

नेमका तोच काटा बाईंना आतून टोचत होता. सकाळचा फोन, माणूस वाईट नव्हता हे वाक्य, आणि तासाभरानं तोंडून निघालेला गोड अर्थ. मुद्दाम? नाही. पण अजिबात संबंध नाही, असं तरी छातीवर हात ठेवून म्हणता येईल? त्यांनी मनाला दोनदा विचारून बघितलं.

“माझी पाळी आहे,” एवढंच म्हणून त्या आत गेल्या.

सगळे जागेवर बसले. वकिलांनी पुढचा प्रश्न विचारायला तोंड उघडलं, तोच बाईंनी माइकचं बटण दाबलं. दुभाष्यानं स्वतःबद्दल बोलताना ‘मी’ म्हणायचं नसतं, ‘दुभाषी’ म्हणायचं.

“दुभाषीला न्यायपीठाशी बोलायचं आहे. पान सत्तावीसवरचं भाषांतर अपुरं आहे. साक्षीदाराच्या शब्दांचे दोन अर्थ होतात. एक काळजी घेण्याचा, दुसरा संपवून टाकण्याचा. दुभाषीनं एकच दिला आणि दुसरा आहे हे सांगितलं नाही.”

सगळ्या माना काचेकडे वळल्या. सहा महिन्यांत पहिल्यांदाच कोणीतरी तिकडे बघत होतं.

बचावाचे वकील उठले. “दुभाषीचा या खटल्यातल्या कोणाशी संबंध आहे का, हे विचारावं.”

“आहे,” बाई म्हणाल्या. “धाकटा भाऊ त्याच तुकडीत स्वयंपाकी होता. नेमणुकीच्या फॉर्मवर लिहिलेलं आहे.”

कारकुनाची धावाधाव झाली. फाईल आली. अध्यक्ष न्यायाधीश एक वयस्क महिला होत्या. चष्मा काढून, पुन्हा लावून त्यांनी तो कागद सावकाश वाचला. भिंतीवरच्या घड्याळाचा काटा सरकताना बाईंना दिसत होता.

“दुभाषीच्या मते साक्षीदाराच्या मनात कोणता अर्थ होता?”

“ते दुभाषीनं ठरवायचं नसतं. साक्षीदार समोर बसलाय, त्याला विचारता येईल.”

“मग सकाळी तुम्ही एक कसा निवडलात?”

“दोन सेकंद होते. त्याहून जास्त खरं मला सांगता येणार नाही.”

‘मला’ निघून गेलं तोंडून. कोणी दुरुस्त केलं नाही.

बाईंना त्याच क्षणी खोलीतून उठवलं. दुसरी दुभाषी येईपर्यंत निवेदकांनी एकट्यानं खिंड लढवली. बाई बाहेरच्या पॅसेजमध्ये, टीव्हीच्या पडद्यावर कोर्टाचं काम दिसत होतं तिथे, पर्स छातीशी घट्ट धरून उभ्या राहिल्या. न्यायाधीशांनी ड्रायव्हरला विचारलं, ते शब्द ऐकून तुम्ही काय समजलात?

“तेव्हा काहीच समजलो नाही,” ड्रायव्हर म्हणाला. “संध्याकाळी मला गोदामावर गाडी रिकामी न्यायला सांगितली. फावडी तेवढी घ्या म्हणाले. तेव्हा समजलो.”

बाई भिंतीला टेकल्या.

त्या संध्याकाळी तो मूळ आवाज बाहेरच्या भाषातज्ज्ञाकडे पाठवायचा हुकूम निघाला. बाईंना खटल्यातून काढलं आणि कागदपत्रांच्या विभागात, तळमजल्यावर बसवलं. चौकशी चार महिने चालली. ‘हेतू दिसत नाही, काचेच्या खोलीत परत नेमू नये,’ असा शेरा पडला. महिन्याभरानं सगळ्या खोल्यांत एकपानी सूचना लागली: शब्दाला एकाहून जास्त अर्थ असतील तर दुभाष्यानं तिथल्या तिथे न्यायपीठाला सांगावं, त्यासाठी काम थांबलं तरी चालेल. निवेदकांनी ती बाईंना फोनवर वाचून दाखवली. “यापुढे माझ्या तोंडाला थोडी विश्रांती,” म्हणाले.

भावाचा फोन मात्र कोर्टातल्या त्या दिवसानंतर आठव्याच दिवशी आला. वस्तीतून बातमी पोचली होती.

“आपल्याच साहेबांना बुडवलंस, ताई. इथे मला लोक तोंड दाखवू देत नाहीत.”

“मी दोन अर्थ सांगितले. कुठला खरा, ते सांगितलं नाही. मी तिथे नव्हते. तू होतास. काळजी घ्या म्हणाले असतील तर एकोणीस माणसांना जेवण लागलं असेल. किती जणांचा स्वयंपाक सांगितला होता तुला?”

पलीकडून फोन कट झाला.

पुढे वर्षभर त्याचा फोन नाही. आई रोज विचारायची, बाई रोज काहीतरी सांगायच्या. कोर्टात कोण साक्षीला येतं, कोण जातं, याचा तळमजल्यावर पत्ता लागत नसे. बाईंना त्या खटल्याचा एकही कागद हाताळायची मुभा नव्हती.

चौदा महिन्यांनी निकाल आला. जाहीर झालेली प्रत बाईंनी घरच्या टेबलावर, आईला झोपाळ्यावर दुपारची डुलकी लागलेली असताना वाचली. ‘बघून घ्या’ हे शब्द कोणत्याच बाजूनं धरलेले नाहीत, असं तिथे स्पष्ट लिहिलं होतं. गोदामाच्या फाटकावरची गाड्यांची नोंद मात्र पुरावा म्हणून धरली होती. ड्रायव्हरची साक्ष विश्वासार्ह ठरवली होती. आणि त्याखाली, नावाच्या जागी नुसता आकडा असलेला आणखी एक साक्षीदार होता, तुकडीचा स्वयंपाकी. त्यानं स्वतःहून तपास अधिकाऱ्यांशी संपर्क साधल्याची नोंद होती. त्या दिवशी ताटं वाढवायला कोणी सांगितलं नव्हतं, असं त्यानं शपथेवर सांगितलं होतं. त्या एकोणीस जणांच्या हत्येबद्दल अधिकाऱ्याला अठरा वर्षांची शिक्षा झाली.

बाईंनी तो परिच्छेद तीनदा वाचला. मग आईला हलवून उठवलं आणि गावचा नंबर लावला. कोणी उचलला नाही. दोन दिवसांनी एका अनोळखी नंबरावरून भाऊच बोलला. गाव सोडून तो तिसऱ्याच शहरात आला होता, एका वसतिगृहात कामाला लागला होता.

“आईला दे,” म्हणाला.

बाईंनी फोन आईच्या कानाला लावून धरला. आई बराच वेळ बोलत राहिली. कधी येतोस, तब्येत कशी, खोलीला खिडकी आहे का. बाईंचा हात भरून आला, तेव्हा त्यांनी तो दुसऱ्या हातानं तोलून धरला. बोलणं संपलं तरी त्यानं फोन ताईकडे द्यायला सांगितलं नाही, आणि बाईंनीही मागितलं नाही. महिन्याभरानं त्यांनी रजा टाकली आणि आईला घेऊन त्याच्या शहराची गाडी पकडली.