डालग्याखालचं उंबर

माझ्या फजित्या तुम्हाला तोंडपाठ आहेत. खालापूरच्या बाजारात मी माझीच हरवलेली कोंबडी कशी विकत घेतली, वरातीत घोडा शांत उभा आणि नवरदेव कसा बिचकला — सगळं सांगून झालंय. पण एक गोष्ट मी दर वेळी गाळत आलो. बायकोलाही सांगितली नाही. ती गेली, आणि आपण कोणाबरोबर नांदलो हे तिला कळलंच नाही. आज सांगतो. हसू आलं तर हसा. सुरुवातीला येईलच.

दुसऱ्या महायुद्धाचा, लढाईचा काळ. कशेळ्याच्या पुढे, डोंगराच्या पायथ्याशी भिवाबाबांची शाळा होती. ओल्या विद्येची. म्हणजे लिंबू, हाडं, राख असलं मेलेलं काही तिथं चालत नसे. जे करायचं ते जिवंताकडून. कोणी मधमाश्यांकडून सांधे मोकळे करून घ्यायचा, कोणी खेकड्याला विचारून विहिरीची जागा सांगायचा. माणसाचा ताप झाडावर उतरवणं ही वरची इयत्ता. मी तिथं का गेलो? भात झोडून झालं होतं आणि वडील घरी काम सांगत होते. एवढंच. विद्येची ओढ वगैरे मी नंतर लोकांना सांगायला लागलो.

प्रत्येकाला मडक्यात उंबराचं एक रोप मिळायचं. त्यावर बांबूचं डालगं, कोंबड्या झाकतात तसलं. दुसऱ्याच्या डालग्याखाली डोकवायचं नाही. दुसऱ्याच्या झाडाला पाणी घालायचं नाही, हातही लावायचा नाही. मडक्यावर खूण करायची नाही — ज्याला आपलं झाड खुणेशिवाय ओळखता येत नाही त्यानं घरी जावं. आणि सगळ्यांवर कडी म्हणजे, खोटं बोलणाऱ्याचं झाड वाळतं.

माझ्या शेजारी सोमा असायचा, डोंगरावरच्या आदिवासी ठाकूरवाडीतला. त्याची बायको चांगुणा तापानं खंगत चालली होती. तापावरचं कोयनेल लढाईनं गिळलेलं, दवाखान्यात नुसत्या रिकाम्या बाटल्या. सोमा शाळेत आला तो तेवढ्यासाठीच. रोज सकाळी तिच्या कपाळावरचं ओलं फडकं घेऊन तो उतरायचा आणि आपल्या झाडाच्या पानांना लावायचा. पानं जरा मान टाकायची, दुपारपर्यंत पुन्हा ताठ व्हायची. आणि ताप खरंच उतरत होता. एके दिवशी चांगुणानं उठून चूल पेटवली, म्हणून त्यानं आम्हाला तिच्या हातच्या नाचणीच्या भाकरी आणल्या. मी दोन खाल्ल्या.

आता माझा पराक्रम. खोपोलीच्या मावसभावानं सायकल घेतली होती. शिकायला म्हणून गेलो आणि राहिलोच. गुडघे फोडले, म्हशीला धडकलो, म्हशीची हात जोडून माफी मागितली — हे तुम्ही ऐकलंय, पोट धरून हसलाही आहात. पुढचं ऐकलेलं नाही. सायकल होळीपर्यंत मागून घेऊन ऐटीत शाळेत परतलो. सगळे ओढ्यावर गेलेले. डालगं उचललं — रोपाची काडी झाली होती. ज्याचं झाड मरेल त्याला शाळा कायमची बंद. आणि घरी वडील. मी सोमाचं डालगं उचललं. मडकी बदलली. शिंक यायला लागतो तेवढाच वेळ लागला.

हीच ती गोष्ट? नाही. थांबा.

सकाळी सोमानं डालगं उचललं आणि एकदाच बघितलं. "ह्ये माजं नाय," म्हणाला, "माजं त्ये." भिवाबाबांनी मला विचारलं, "तुजं कंचं रं?" मी हिरव्या झाडाकडे बोट केलं. मग बाबांनी दोन्ही मडकी, ज्याच्या डालग्याखाली जे होतं ते त्याच्या पुढ्यात, उन्हात ठेवली. संध्याकाळी माझ्या पुढ्यातलं हिरवंच, सोमाच्या पुढ्यातलं वाळलेलं. न्याय झाला, सोमाला शाळा बंद. आणि नियम खरा होता हो — वाळलेलं झाड खोटारड्याचंच होतं. फक्त दुसऱ्याच्या पुढ्यात ठेवलेलं होतं.

कोणीतरी म्हणालं, "ठाकराला झाडांचा काय तोटा? दुसरं उपटंल रानातनं." आम्ही खालच्या गावांतले सगळे हसलो. त्या हसण्याचा मला अजून संताप येतो. भिवाबाबांचाही येतो — माणसाचं तोंड न बघता पान बघून निवाडा करणारा हा कसला गुरू? पण बघा, राग असा सगळ्यांत वाटून टाकला की माझ्या वाट्याला थोडाच उरतो. ही युक्ती मला जुनीच ठाऊक आहे.

होळीला शाळा सुटली. मी मडकं सायकलच्या दांड्याला बांधून दहिवलीला घरी आणलं. मागोमाग सोमा आला, एवढी वाट चालत. हातात फडकं. वडील ओटीवर बसलेले. तो हळूच म्हणाला, "झाड तुजंच, दादा. समद्यांना सांगतो, मीच खोटा. पन येवडं लावू दे. तिला पुन्ना चडलाय."

लावू द्यायचं? आणि वडिलांच्या देखत पानांनी त्याच्यासाठी मान टाकली असती तर? मी म्हणालो, "दुसऱ्याच्या झाडाला हात लावायचा नाय. नियम हाय."

नियम. मी.

तो भांडला नाही. फडकं कुंपणावर टाकलं. "मंग तूच लाव," म्हणाला आणि गेला.

चांगुणा पाडव्याच्या आत गेली. ताप होता, जायचीच होती, असं म्हणाल. म्हणू नका. मी ते स्वतःला इतक्यांदा म्हणून बघितलंय की त्या शब्दांचाच वीट आलाय.

झाड आता माझ्या अंगणात आहे, दोन माणसांच्या कवेत मावत नाही. लोक लांबून येतात, फडकी आणून देतात, माझ्या पाया पडतात, मला बाबा म्हणतात. मी गंभीर तोंड करून खाली बसतो. माझ्या हातानं लावलेल्या फडक्याला त्या झाडानं आजवर एकदाही मान टाकलेली नाही. ज्यांचे ताप उतरले ते आपसूक उतरले. झाडाला कळतं. लोकांना कळत नाही, आणि मी कळू देत नाही.

राहिलं ते सोमाचं फडकं. त्या दिवशी तो गेल्यावर वडील आत गेले होते, अंगणात कोणी नव्हतं. झाड हाताच्या अंतरावर होतं. लावलं असतं तर कोणाला दिसलंही नसतं. त्याच्या फडक्याला पानांनी माझ्या हातूनही मान टाकली असती की नाही, मला माहीत नाही, कारण मी लावूनच बघितलं नाही. मी चिडलो होतो — तो मलाच काम सांगून गेला म्हणून. सायकल दुसऱ्या दिवशी परत द्यायची होती, ओढा ओलांडताना चेनला चिखल लागला होता.

फडकं अजून ओलं होतं. मी त्यानं चेन पुसली.