हिरूच्या मुलखातला कोरडा खडक

मुरबाडच्या एसटी स्टँडबाहेर मी पावसाळ्याची सुकट घेत होते, तेव्हा मंदाचा फोन आला. "मोठी आई, आई गेली..." मंदा म्हणजे माझ्या धाकट्या जावेची, हिरूची मुलगी. सुकटवालीने पिशवी पुढे केली, मी ती घेतली, आणि खरं सांगते, डोळ्यांत पाणी यायच्या आधी मनात आलं, आता दामूभाऊजी सुटले! माणूस गेल्यावर असं मनात यावं का? आलं. आज सहा आठवड्यांनीही रडू कमी आणि भाऊजी सुटल्याचा रागच जास्त आहे, म्हणून लिहायला बसले. अक्षरं मी सासरी आल्यावर वाण्याच्या पुड्यांच्या कागदांवरून जुळवली, तेव्हा पाल्हाळ लागेल, सांभाळून घ्या.

हिरू लग्न होऊन आली आणि पहिल्याच पावसाळ्यात आमच्याबरोबर आवणीला, म्हणजे भाताच्या लावणीला उतरली. वाकून वाकून कंबर धरली की ओळीतली एखादी बाई गाणं काढते. हिरूने गाणं नाही, एक मुलूखच काढला. "माझ्या एका मुलखात," म्हणाली, "सगळं पाणी जितं हाय." तिथल्या नद्या जेवून दुपारच्या आडव्या होतात आणि उठल्यावर ठरवतात, आज कुठल्या अंगाला वाहायचं. थोरली नदी वर्षातून एकदा डोंगर चढून उलटी माहेरी जाते, पण काठावरच्यांना आधी सांगते, हंडे भरून ठेवा. दमेकरीण म्हणून एक आहे, ती दर वळणावर बसून श्वास घेते, मग होड्यांनाही थांबावं लागतं. बारके ओहोळ आपली पात्रं अंथरुणासारखी गुंडाळून काखेत मारतात आणि दुसऱ्याच्या शेतात जाऊन पसरतात. माणसं आपली घरं दाव्याने झाडाला बांधतात, नाहीतर पाणी ती उचलून दुसऱ्या वाडीत नेऊन ठेवतं... दरवर्षी मुलूख थोडा सरकलेला असायचा. कुणी म्हणालं, "अगो, मागच्या साली दमेकरीण उगवतीला व्हती ना?" की हिरू म्हणायची, "पाणी हाय ते, विजेचा खांब नाय जागच्या जागी उभा राह्याला!" आम्हा प्रत्येकीला तिने तिथे घर दिलं होतं. थोरली नदी माहेराहून परतली की आधी माझ्या ओट्याला टेकायची.

आमची खाचरं उतरणीवर, आणि डोंगरातून येणारा ओहोळ एकच. पाणी आधी माझ्या खाचरात, मग दामूभाऊजींच्या, ते आमचे चुलत दीर, आणि सगळ्यात खाली हिरूच्या. भाऊजींचं भरलं की त्यांनी बांधाचं तोंड उघडायचं आणि हाक द्यायची, "पाणी सोडलं गोऽऽ!" ही हाक म्हणजे आमच्याकडे सही-शिक्का. हाक ऐकूनही वर जाऊन बघणं म्हणजे समोरच्याला तोंडावर खोटारडा म्हणणं, म्हणून कुणी जात नाही. हिरूचा नवरा वारला त्या साली लोंब्या पोटात घेऊन भात पोटरीला आलं आणि पावसाने दडी मारली. भाऊजींनी हाक दिली. साऱ्या गावाने ऐकली. खाली पाणी काही ठरेना. हिरूला वाटलं, खेकड्यांनी आपलाच बांध पोखरलाय, येईल ते पाणी निसटतंय. दोन दिवस ती बाई गुडघ्यांवर बसून एकेक बीळ चिखलाने लिंपत होती... आणि वर भाऊजींनी तोंडाशी दगडमाती ठासून पाणी आपल्या नव्या कलमांकडे वळवलं होतं. हाक मात्र सकाळ-संध्याकाळ चुकली नाही. मेल्याचा आवाज तरी किती गोड! भात करपलं, लोंब्यांत नुसती पोचट फोलं. मंदा तेव्हा नववीत होती, हुशार होती. त्या साली ती शाळेतून निघाली आणि खर्डीला लोकांची भांडी घासू लागली.

आता माझं सांगते. सरपण घेऊन वरच्या वाटेने उतरताना पहिल्याच दिवशी मी ते ठासलेलं तोंड पाहिलं होतं. गप्प राहिले. माझा मुलगा भाऊजींच्या जीपवर ड्रायव्हर होता, कल्याणच्या फेऱ्या मारायचा... तिसऱ्या दिवशी हिरू स्वतःच वर गेली. खाली आल्यावर तिने मला एवढंच विचारलं, "बाई, तुमी सरपण घेऊन याच वाटेनं आलात ना?" मी म्हटलं, "हो." बस्स.

हिरू भांडली नाही, पंचायतीतही गेली नाही. पुढच्या आवणीला, भाऊजींची बायको आणि सून ओळीत वाकलेल्या असताना, ती म्हणाली, "यंदा आमच्या मुलखात एक माणूस आलाय. पाणी सोडलं, पाणी सोडलं म्हणून नुसता वरडतो." सगळ्यांचे हात थांबले. "मग?" "मग काय, पाण्याला लबाडी कळते. उठलं, पदर झटकला नि चालतं झालं. त्याच्याखाली उरला नुसता खडक." सून खाली मान घालून हसली, ते मी पाहिलं. पुढे दर साली हिरूने त्याला थोडं थोडं भाजलं. एका साली त्याने विहीर खणली, तर झरा वर आला, त्याचं तोंड पाहिलं आणि 'घर चुकलं' म्हणून परत गेला. एका साली तो रडला, तर आसवंसुद्धा गालावरून उतरून दुसऱ्या गावी राहायला गेली. गोष्ट शेतातून बाहेर पडली. भाऊजी जीपमध्ये चढले की मागून कुणीतरी विचारायचंच, "दामूशेट, पाणी सोडलं का?" काय बरं वाटायचं मला! पण त्या मुलखात माझं घर राहिलं नाही. मला तिने शिक्षा केली नाही, नुसतं माझं नाव घेणं सोडलं. इतक्या आवण्या मी तिच्या शेजारी वाकले, तिच्या फडक्यातली भाकरी खाल्ली, विचारायची छाती झाली नाही.

हिरूच्या दहाव्याला भाऊजी काठी टेकत ओट्यावर येऊन बसले. "वहिनी, ती गेली. आता गोष्ट तुमच्याकडं. मला तेवढं उतरवा."

"कुठून, भाऊजी?" मला त्यांच्या तोंडून ऐकायचं होतं.

"खडकावरून..." म्हणाले. "नात इचारते, आजोबा, तुमी तिथं आंघोळ कशी करता?"

हसू आलं, दाबलं. म्हटलं, "यंदा आवणीला बांधावर उभं राहा. सगळ्या बायांच्या देखत सांगा, तोंड मी बुजवलं होतं. थोरली नदी तुमच्या दारात आणून सोडते."

काठीने जमीन टोकरू लागले. वाटलं, सांगतात आता. मग म्हणाले, "ते खेकड्यांनी केलं व्हतं, वहिनी."

गेल्या आठवड्यात आवणी झाली. भाऊजी बांधाकडे फिरकले नाहीत. ओळीतली एक म्हणाली, "काकी, मुलूख संपला का गो आता?" मी त्या गोष्टीत आजवर एक शब्द घातला नव्हता. म्हटलं, "संपतोय कुठला! थोरल्या नदीला हिरूची बातमी कळली. ती माहेराहून खाली आली. खडकावरच्या म्हाताऱ्याची तिला दया आली, घोटभर द्यावं म्हणून वळली. पण खडकाच्या पायथ्याशी एक म्हातारी नवीन राह्याला आलीय. घसा तिचाही कोरडा. तरी पाणी जवळ आलं की ती कुदळ आडवी धरते नि म्हणते, हितनं नको बाई, मंदाच्या दारावरनं जा."

भाऊजींची सून कंबर सरळ करून माझ्याकडे बघत होती. "कोण गो काकी, ती म्हातारी?"

मी रोपांची जुडी सोडली. "मीच," म्हटलं. "आणि मला पाण्याची घाई नाय."