किल्ला सोडायचा न्हाई

महाबळेश्वरच्या त्या बंगल्याला सगळे किल्लाच म्हणत. कुणा गोऱ्या साहेबाने हौसेने बांधलेला. कोपऱ्यावर बुरूज, भिंतीत बंदुकीच्या फटी, आणि आत बसून प्यायचा काय, तर चहा! गुलाब वाळले म्हणून त्या साहेबाने माळीकाम करणाऱ्या माझ्या आजोबांना चाबकाने फोडून काढलं. त्याच्या मागून आलेल्या संस्थानिकाने त्यांच्या अंगावर शिकारी कुत्रं सोडलं. मालक बदलले, मार खाणारं घर आमचंच राहिलं.

मग सांगलीच्या एका हळदीच्या व्यापाऱ्याने बंगला घेतला. जैन माणूस, पायाखालची मुंगीही चुकवणारा, बोलायला गोड. फौजेतून परतलेल्या माझ्या वडिलांना, अप्पांना, त्याने रखवालीला ठेवलं. दर खेपेला निघताना गाडीची काच खाली करून तो हसत म्हणायचा, "किल्ला सोडायचा न्हाई बरं का!" अप्पा टाचा जुळवून म्हणायचे, "जी मालक." त्यांना थट्टा कधी कळलीच नाही. मालक बोलला की तो हुकूम.

एका मे महिन्यात मी कुपवाडहून माहेरी आले होते. पावसाचा मारा लागू नये म्हणून तिकडे भिंतींना गवताचे कूड बांधतात, ते आम्ही बापलेक बांधत होतो. तेवढ्यात दोन जीपमधून सहा माणसं उतरली.

"बंगला आमच्या शेटनं घेतलाय. चाव्या टाक, म्हाताऱ्या."

"मालकांचा हुकूम न्हाई," अप्पा म्हणाले.

लोखंडी पाइपचा पहिला फटका गुडघ्यावर बसला, दुसरा पाठीत. अप्पा पडले, पण चाव्यांची मूठ सुटेना. मग एकाने ती मूठ पायरीवर दाबून धरली आणि दुसऱ्याने बोटं ठेचली. तो आवाज अजून माझ्या कानात आहे. माझ्या हातात गवत कापायचा विळा होता. ठेचणाऱ्याच्या दंडावर मी तो चालवला. रक्त कुडावर उडालं. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू? त्यांनी मला केसांना धरून बुरुजापर्यंत फरफटत नेलं.

चाव्या घेऊन ते आत गेले, तेव्हा मी सांगलीला मालकाला फोन लावला. तो हळहळला. "आवं, इकून म्हैना झाला की. अप्पांना सांगायचं राहूनच गेलं बगा."

आता तिथं हॉटेल आहे, बुरुजावर लोक फोटो काढतात. अप्पा कुपवाडला माझ्याकडे असतात. उजव्या हाताची तीन बोटं मिटत नाहीत, शर्टाची बटणं मी लावते.

गेल्या आठवड्यात तोच जुना मालक फळं घेऊन भेटायला आला. तो निघाला तेव्हा अप्पा उठायला लागले, तर हसत म्हणाला, "बसा, बसा. उठायचं न्हाई बरं का!"

"जी मालक."

तासभर झाला तरी अप्पा खुर्चीतच. मी म्हटलं, "अप्पा, उठा, जेवायचं हाय."

"मालकांचा हुकूम न्हाई."

माझं डोकंच फिरलं. फळांची पिशवी उचलून मी रस्त्यावर भिरकावली. मागे वळले, तर अप्पा हसत होते. उभ्या जन्मात त्यांनी केलेली ती पहिली थट्टा. त्यांची वाकडी बोटं हातात धरून मी ओक्साबोक्शी रडले.