झोपेतल्या बाजाराचं चलन

आमच्या घरात दिवसा आवाज करायचा नाही असा नियम होता, आणि मी पडले पायाला भिंगरी लावून जन्माला आलेली. वडील मोहोपाड्याकडच्या एका कारखान्यात कामाला होते, कायम रातपाळीला. सकाळी येत, भाकरी खात आणि भिंतीकडे तोंड करून पडत. क्वार्टरला खोली एकच. माझी शाळा सकाळची, म्हणजे अख्खी दुपार मी त्यांच्या पायथ्याशी, हाताची घडी तोंडावर बोट. अहो, नऊ-दहा वर्षांच्या पोरीनं करायचं तरी काय? ती दुपार मला खायला उठायची.

आईचं तर विचारूच नका. पळीला चिंधी गुंडाळायची, भांडी लांबच्या नळावर नेऊन घासायची, कोंबडी अंडं घालून कोकलायला लागली की तिच्यामागे परसात धावायची. पुढच्या चाळीतल्या एका माणसाचा पाळीवर डोळा लागला होता आणि त्याची बोटं यंत्रात गेली होती. तेव्हापासून आईच्या डोक्यात एकच भुंगा: यांची झोप मोडता कामा नये.

मी मात्र मोडायचे. ताट पाडायचे, शिंकायचे, उगाच हसायचे. मग एका संध्याकाळी बाबांनी चहा घेता घेता मला जवळ बोलावलं.

"पोरी, मी झोपतो तवा कुठं जातो, ठावं हाय तुला?"

"कुठं?"

"बाजारात. पन तिथं रुपया चालत नाय. तिथं चालतो गप."

"गप म्हंजे?"

"तू इथं गप बसलीस का तिथं माझ्या खिशात एक नाणं पडतं. त्याचं नाव गप."

झालं! माझी चौकशी सुरू. बारा गपांचा एक निवांत, त्याहून मोठं नाणं नाही. इथं भांडं वाजलं की तिथं खिशाला भोक पडतं. जाग येताना सगळे पैसे विरघळतात, म्हणून शिल्लक टाकायची सोय नाही, असतील तेवढे खर्चूनच निघायचं. दुकानदाराकडे सुटे नसले तर तो वाऱ्याची झुळूक देतो नाहीतर बुलबुलाची शीळ. ज्याच्या घरी तान्हं मूल, तो तिथला भिकारी.

"आन् सावकार कोन?" मी विचारलं.

"ज्याच्या घरी कुनीच नाय तो," बाबा म्हणाले. तेव्हा ते हसले नाहीत.

मी इरेला पेटले. रोज दुपारी फ्रॉकचा काठ दातांत धरून बसायचे. पायांत मुंग्या यायच्या, पाठ खाजायची, बाहेर पोरांचा विटीदांडू ऐकू यायचा. पण हुं की चूं नाही. संध्याकाळी ते उठले रे उठले की "आज काय घेतलं, बाबा?" कधी माथेरानचा घोडा घेतलेला असायचा, पण खोगिराला गप कमी पडलेले. एकदा मला खोकला आला, तर म्हणाले, "आज घोडा अर्धाच दिला गं." कुठला अर्धा, पुढचा की मागचा, यावर आमचं भांडण झालं. आईसुद्धा हसली.

पण बाबा वाळत चालले होते. डोळे खोल गेले, बशीतला चहा हिंदकळून धोतरावर सांडायला लागला. एका दुपारी शेजारची काकू मागच्या दाराशी आली, तेव्हा आई तिला कुजबुजत म्हणाली, "यांचं हात थरथरतात गं. यंत्रावर गेला हात, तर मी काय करू?" बाबा भिंतीकडे तोंड करून पडलेले. श्वास संथ.

संध्याकाळी मी नेहमीचं विचारलं. बाबा म्हणाले, "आज बाजारात हात आलं व्हते इकायला. दोन निवांत मोजलं आन् जोडी घेतली. तुझ्या आयेला सांग, थरथरत नायत."

आईच्या हातातली गाळणी तशीच राहिली.

"अवो, तुमी जागं व्हता?"

बाबांनी नुसती मान हलवली.

"कवापासनं?"

"लय दिस झालं. डोळंच लागत नायत."

"मंग सांगितलं का नाय?"

"तुमी दोघी येवढ्या गप बसता. कोंच्या तोंडानं सांगू?"

मी अशी भडकले म्हणून सांगू! माझे सगळे गप गेले कुठं मग? कशात काय नि फाटक्यात पाय! दारातली बादली लाथेनं उडवून मी बाहेर पळाले आणि नळाशी बसून रडले.

आईनं दुसऱ्याच दिवशी बाबांना आजारपणाची रजा टाकायला लावली आणि आम्ही एसटीनं गावी आलो, कोंडाण्याकडे, चुलत्यांच्या घरी. खळ्यावर भाताची झोडणी चालली होती. फळीवर पेंड्या धडाधड आपटत होत्या, बैल हंबरत होते, चुलती कुणाला तरी शिव्या घालत होती. बाबा म्हणाले, "जरा टेकतो," आणि पेंढ्याला पाठ लावून बसले. थोड्या वेळानं बघते तर तोंड उघडं, मान कलंडलेली, चक्क घोरत होते.

आई सवयीनं धावलीच. "हळू, हळू! डोळा लागलाय त्यांचा!" सगळ्यांचे हात थांबले. खळं एकदम चिडीचूप झालं. आणि बाबांच्या पापण्या हलल्या.

आई त्यांच्याकडे बघत राहिली. जन्मापासून हा माणूस याच गलक्यात झोपलेला. मग ती माझ्याकडे वळली. चेहरा पांढराफटक.

"वरड गं."

"काय?"

"काय पन वरड! थांबू नको!"

मी ओरडले. पाढे, बैलांची नावं, पोरांकडून शिकलेल्या शिव्या, जे येईल ते. आईनं एक पेंडी उचलली आणि त्यांच्या उशाशीच फळीवर आपटायला लागली. बाबांची मान पुन्हा कलली, जबडा सैल पडला. आई झोडत होती आणि रडत होती, आणि मी घसा बसेपर्यंत ओरडत होते.