उंबऱ्याबाहेरचे मिस्त्री

१. शेतातल्या भांडणात शेषराव मिस्त्रींच्या हातून एक माणूस दगावला. त्यांना शिक्षा झाली.
२. तुरुंगात ते मोटारी भरायला, म्हणजे विहिरीवरच्या जळालेल्या मोटारीत नवी तार गुंडाळायला, शिकले.
३. शिक्षा भोगून चुडाव्याला परतले. स्टेशनच्या रस्त्यावर पत्र्याचे दुकान टाकले.
४. बरेच दिवस एकही मोटार आली नाही. पहिली आमच्या वडिलांची आली.

या गौरव अंकासाठी काढलेले हे मुद्दे मिस्त्रींनी वाचले आहेत. पहिला गाळावा, असे मी सुचवले होते. ते म्हणाले, "तो काढला तर बाकीचे कुठून आले म्हणतील लोक?"

त्यांची माझी ओळख त्या पहिल्या मोटारीमुळे झाली. मी शाळेत होते. वडिलांचा डबा घेऊन दुकानात गेले. मिस्त्रींनी वडिलांना समोर बसवून ठेवले होते.

"काय काढायलो, काय घालायलो, बघत बसा."

"दिवसभर?"

"मग. मला बी बोलायला कोणीतरी पायजे."

संध्याकाळी त्यांनी जळकी तांब्याची तार फडक्यात बांधून वडिलांना परत दिली. अशी तार भंगारात चांगल्या भावाने जाते, म्हणून सहसा कारागीरच ठेवून घेतो. मिस्त्रींनी आजवर कोणाचीही ठेवलेली नाही.

विद्युत पदविका घेऊन मी त्यांच्या हाताखाली काम शिकले. मी भरलेली पहिली मोटार नुसती घुमली, फिरली नाही. त्यांनी ती उघडली. "पदविका बरोबर हाय, कॉइल उलटी हाय," एवढेच बोलले. मोटारीच्या मालकांना मात्र त्यांनी सांगितले, "उशीर माझ्यामुळं झाला."

आज पार पिंगळी गावापासून त्यांच्याकडे मोटारी येतात. काम भरपूर आहे, मिस्त्री समाधानी आहेत. एक गोष्ट मात्र तशीच राहिली आहे. परतल्यापासून ते गावातल्या कोणाच्याही घरात गेलेले नाहीत. पंखा दुरुस्त करायचा असला तरी तो ओट्यावर आणायला लावतात. विचारले की म्हणतात, "आत लय उकडतंय."

गेल्या महिन्यात आईने आग्रह धरला. "भाऊ, आत या की."

"तुमच्या एकट्याच्या घरात आलो तर तुमाला बोलतील, वैनी. चार घरं बोलवू द्या, मग येतो."

मिस्त्रींची साठी पूर्ण होत आहे, त्यानिमित्त गावात त्यांचा सत्कार आहे. त्यांची नजर आणि बोटे अशीच नेमकी राहोत, आणि पुढची अनेक वर्षे त्यांनी निरोगी, निवांत जगावीत, ही इच्छा.

हा अंक सत्काराच्या आठ दिवस आधी घरोघरी पोचत आहे. सत्काराच्या दिवशी दुपारी मिस्त्रींना घरात बसवून जेवू घालायची ज्यांची तयारी आहे, त्यांनी नाव द्यावे. आमचे एक घर धरले आहे. अजून तीन हवीत. होकार असो वा नकार, कृपया शुक्रवारपर्यंत मला कळवावे.