गाठीभोवतीची रेघ

आधीच सांगतो, मी असल्या गोष्टींची टर उडवणारा माणूस. ठाणे-बेलापूर रोडवरच्या एका केमिकल कारखान्याच्या लॅबमध्ये माझी सगळी नोकरी झाली. जे मोजता येत नाही ते नाहीच, असं मी मानायचो. या ग्रुपवरचे निम्मे भुताखेताचे अनुभव वाचताना आजही मनातल्या मनात हसतो... रागावू नका. पण हा एक प्रसंग मला कधीच हसण्यावारी नेता आला नाही.

ऐंशीच्या दशकाच्या मधली गोष्ट. वाशीत सेक्टर दोनमध्ये आमचं तळमजल्यावरचं एका खोलीचं घर. मी, बायको शैला आणि माझी धाकटी बहीण नंदा. लहानपणच्या तापाने नंदाच्या हृदयाची एक झडप खराब झाली होती. मुंबईत ऑपरेशन करून कृत्रिम झडप बसवली आणि तेव्हापासून रक्त पातळ ठेवायची गोळी तिच्या मागे लागली, कायमची. आमची आई मात्र या ऑपरेशनच्या दोन वर्षं आधीच वारली होती, पाटणजवळच्या आमच्या गावी.

आई गावात बेंबी बसवायची. पोट दुखलं की आमच्याकडे बेंबी सरकली म्हणतात. कोमट एरंडेल लावून पोट गोल गोल चोळायचं आणि अंगठ्याने बेंबी जागेवर आणायची. लांबलांबच्या बायका यायच्या तिच्याकडे. नंदा तर काय, जरा दुखलं की आईपुढे आडवी!

त्या हिवाळ्यात नंदाला खोकला झाला. पंधरा दिवस ढास थांबेना. एका दुपारी खोकता खोकताच बेंबीच्या उजवीकडे कळ आली आणि हाताला मुठीएवढी गाठ लागली. शैला म्हणाली, अपेंडिक्स. आम्ही तिला जवळच्या एका छोट्या हॉस्पिटलात नेलं.

डॉक्टरांनी तिला झोपूनच मान उचलायला सांगितली आणि गाठ दाबून पाहिली.

"आत असती तर पोट ताठल्यावर लपली असती," ते मला म्हणाले. "ही तशीच आहे. पोटाच्या भिंतीच्या स्नायूत रक्त साकळतंय. खोकल्याने शीर फुटली, आणि गोळीमुळे रक्त थांबत नाहीये."

"मग ऑपरेशन?"

"शक्यतो नाही. बहुतेक वेळा आतल्या दाबानेच थांबतं. गोळी बंद, व्हिटॅमिन केचं इंजेक्शन, रक्ताची बाटली, बर्फ, खोकल्याचं औषध. हलायचं नाही. आणि पोटाला कोणी हात लावायचा नाही. चोळणं तर अजिबात नाही!" मग जरा थांबून म्हणाले, "फक्त गोळी फार दिवस बंद ठेवता येणार नाही. झडपेवर गुठळी झाली तर..." म्हणजे गोळी घेतली तरी धोका आणि नाही घेतली तरी धोका.

डॉक्टरांनी बॉलपेनने गाठीभोवती रेघ मारली. गाठ रेघेबाहेर गेली की लगेच बोलवा म्हणाले.

तीन दिवस मी त्या रेघेकडे बघत बसलो. गाठ रेघेच्या आतच राहिली. डॉक्टर पहिल्यांदाच हसले आणि माझ्या जिवात जीव आला.

चौथ्या दिवशी, दुपारी नंदा कण्हत म्हणाली, "दादा, आई असती तर एका हातात बसवली असती बेंबी."

"मग मार की हाक तिला," मी म्हणालो. थट्टेतच.

ती हसली. तळवलीच्या ताराबाई म्हणून आया होत्या, त्यांना दाराशी बसवून मी चहाला गेलो. पंधरा मिनिटं, फार तर.

परत आलो तर खोलीत एरंडेलाचा वास. नंदाचा चेहरा इतका निवांत की बरं वाटावं.

"आई आलेली," ती म्हणाली. "छान बसवली. आता दुखत नाही रे."

मी चादर बाजूला केली. पोट तेलाने चकाकत होतं. बॉलपेनची शाई फिसकटली होती — गोल गोल, बेंबीच्या दिशेने. आणि गाठ... ती जांघेपर्यंत उतरली होती.

मी ओरडलो तशा ताराबाई धावत आल्या. "कोन नाय आला, दादा! मी दारातच बसलेली हाय. देवाशप्पत!"

नंदाचा एक हात सलाईनच्या फळीला बांधलेला. दुसऱ्याचा तळवा मी उलटून पाहिला, कोरडा होता. मग त्या गरीब बाईचे हात मी हुंगले. आजही लाज वाटते. फिनेलचा वास होता, बाकी काही नाही. अख्ख्या मजल्यावर एरंडेलाची बाटली सापडली नाही.

"चोळलं कोणी?" डॉक्टर माझ्यावर कडाडले.

नाडी लागेना, ओठ पांढरेफटक पडले. रक्ताच्या दोन बाटल्या चढवल्या, तिसरी मिळाली नाही. शेवटी शीर बांधता येईल तिथे, मुंबईला हलवायचं ठरलं. खाडीपुलावर अँब्युलन्समध्ये नंदाने डोळे उघडले.

"दादा, आईला बोलू नकोस काही. तिला गोळीचं ठाऊक नव्हतं."

मानखुर्द यायच्या आत ती गेली.

खूप विचार केला. भ्रम म्हणावा, तर तेल मी स्वतःच्या बोटांनी पुसलंय. ताराबाईंनी मायेपोटी चोळलं असेल असं डॉक्टर म्हणत राहिले, त्यात त्या बाईची नोकरी गेली. मला ते पटलं नाही, आणि दुसरं उत्तरही सापडलं नाही. तुमच्यापैकी कुणाला सुचलं तर सांगा. मला आता आशा नाही.

दर पितृपक्षात आईचं पान वाढतो. दाराबाहेर ठेवतो, हात जोडतो आणि त्या गोळीबद्दल तिला सगळं सांगतो. रक्त का पातळ करतात, पोट का चोळायचं नाही... सावकाश, तिला समजेल अशा भाषेत. शैला आतून ऐकते. सांगून झालं की मी तिथेच उभा राहतो. आता सांगून काय उपयोग, ते मलाही कळतं.